घर कोणाच्या नावावर? : बंदिस्त पंथातून बाहेर पडण्याच्या अभ्यासाची प्रस्तावना

या विषयावर बोलायला उभं राहिलं, की पहिला प्रश्न ठरलेला असतो: ‘इतका त्रास होता, तर ती आधीच का नाही निघाली?’ विचारणाऱ्याच्या मनात वाईट काही नसतं. पण या प्रश्नात एक गृहीत लपलेलं असतं. दार उघडं होतं, फक्त पाऊल उचलायचं बाकी होतं, असं ते गृहीत. या अभ्यासक्षेत्रात येणाऱ्या नव्या वाचकाचं मनापासून स्वागत करताना माझी एकच विनंती आहे. हा प्रश्न थोडा वेळ बाजूला ठेवावा आणि त्याच्या जागी दुसरा घ्यावा: निघताना तिच्या हातात काय होतं?

कॅरोलिन जेसपच्या हातात वीस डॉलर होते. एप्रिल २००३ मधल्या एका रात्री, घर झोपलेलं असताना, ती आठ मुलांना घेऊन बाहेर पडली. एक मुलगा गंभीर आजाराने अपंग झालेला. अठराव्या वर्षी तिचं लग्न पन्नाशीतल्या पुरुषाशी लावून दिलं होतं आणि त्या घरात ती चौथी बायको होती. ती अडाणी नव्हती, शाळेत शिकवत होती. तरीही घर तिचं नव्हतं. गावातले पोलीसही तिच्या नवऱ्याच्याच पंथाचे, त्यामुळे मदतीसाठी फोन कोणाला करायचा, हाही प्रश्नच होता. पुढे तिने न्यायालयात मुलांचा ताबा मिळवला आणि २००७ मध्ये ‘एस्केप’ हे आत्मकथन लिहिलं. आपल्या विषयाची सुरुवात बहुतेक जण त्या रात्रीपासून करतात. मी वाचकाला त्या रात्रीच्या आधीच्या साठ वर्षांकडे आणि नंतरच्या वीस वर्षांकडे नेऊ इच्छिते.

हे गाव म्हणजे शॉर्ट क्रीक. अमेरिकेतल्या युटा आणि ॲरिझोना या राज्यांच्या सीमेवर, लाल कड्यांच्या पायथ्याशी वसलेलं. आता त्याची दोन नावं आहेत: युटाच्या बाजूला हिल्डेल, ॲरिझोनाच्या बाजूला कोलोरॅडो सिटी. अशी जागा निवडण्यात सोय होती. एका राज्याचे पोलीस आले, की दुसऱ्या राज्यात सरकता येई.

इथवर येण्याचा इतिहास थोडक्यात सांगते. जोसेफ स्मिथने १८३० मध्ये न्यूयॉर्क राज्यात मॉर्मन चर्च स्थापन केलं. अनेक बायका करण्याची ईश्वरी आज्ञा त्याने १८४३ मध्ये लिहून घेतली आणि पुढच्याच वर्षी जमावाने त्याला ठार केलं. ब्रिगहॅम यंगच्या मागोमाग अनुयायी १८४७ मध्ये युटाच्या खोऱ्यात पोहोचले. १८५२ मध्ये बहुपत्नीत्वाचा उघड पुरस्कार सुरू झाला आणि केंद्र सरकारने १८६२, १८८२, १८८७ असे एकामागून एक कडक कायदे केले. शेवटी १८९० मध्ये चर्चचे अध्यक्ष विल्फर्ड वुड्रफ यांनी अशा विवाहांपासून माघार जाहीर केली. ज्यांना ही माघार म्हणजे देवाशी प्रतारणा वाटली, त्यांचे वंशज म्हणजे आजचे ‘फंडामेंटलिस्ट’ गट. एक गोष्ट सुरुवातीलाच मनात पक्की करावी. मुख्य मॉर्मन चर्च आज बहुपत्नीत्व पाळणाऱ्याला बहिष्कृत करतं. त्या चर्चच्या लाखो सभासदांना शॉर्ट क्रीकच्या मापाने मोजणं अन्यायाचं आहे, आणि मूलतत्त्ववादी गटही सगळे एकसारखे नाहीत. या प्रस्तावनेत मी मुख्यतः शॉर्ट क्रीकच्या एकाच गटाबद्दल बोलते आहे. इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला ‘एफएलडीएस’ म्हणतात.

मराठी वाचकाला हा सगळा प्रकार फार दूरचा वाटेल. पण एक धागा थेट आपल्या दारापर्यंत येतो. १८७९ मध्ये रेनॉल्ड्स खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की श्रद्धा मोकळी असली तरी आचरणावर कायदा बंधन घालू शकतो. त्यासाठी सरन्यायाधीश वेट यांनी उदाहरण घेतलं ते पतीच्या चितेवर जळून जाणं हा धर्म मानणाऱ्या स्त्रीचं, म्हणजे आपल्या सतीचं. आणि उलट दिशेचा प्रवासही झाला. मुंबई प्रांताने १९४६ मध्ये हिंदूंच्या द्विभार्या विवाहाला बंदी करणारा कायदा केला. त्याला आव्हान देणारा नरसू आप्पा माळी खटला १९५१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात चालला. न्यायमूर्ती छागला आणि गजेंद्रगडकर यांनी कायदा वैध ठरवला, आणि त्या निकालात अमेरिकेतल्या मॉर्मन बहुपत्नीत्वाच्या एका खटल्याचा आधार घेतलेला आहे. मॉर्मनांचा वाद माळ्यांच्या घरातल्या वादात साक्षीला आला होता.

आता त्या प्रश्नाकडे वळते, ज्यावरून या प्रस्तावनेला नाव दिलं: घर कोणाच्या नावावर?

१९४२ मध्ये शॉर्ट क्रीकच्या लोकांनी ‘युनायटेड एफर्ट प्लॅन’ नावाचा ट्रस्ट केला. कल्पना सुंदर होती. सगळ्यांची जमीन एकत्र, कोणी उपाशी नाही, कोणी बेघर नाही, श्रम देवाच्या राज्यासाठी. पहिल्या पिढीने खरंच पोटाला चिमटा घेऊन विहिरी खणल्या, भिंती उभारल्या. माणूस घर स्वतःच्या हाताने बांधायचा, विटेला वीट लावायचा, फरशी बसवायचा, बायका-मुलं वाढली की खोल्या वाढवायचा. पण कागदावर जमीन ट्रस्टची आणि ट्रस्ट धर्मगुरूंच्या ताब्यात. गुरूंची मर्जी असेपर्यंत राहायचं. मर्जी गेली, की वीस वर्षं बांधलेलं घर एका वाक्यात परकं. पुढे काही रहिवासी न्यायालयात गेले आणि १९९८ मध्ये युटाच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांचा काही हक्क मान्य केला. तोवर दोन पिढ्या या टांगत्या तलवारीखाली जगल्या होत्या.

माझं ठाम मत आहे, की या समाजाचं कुलूप श्रद्धेत जितकं होतं तितकंच या ट्रस्टच्या कागदात होतं. अभ्यासक प्रवचनं वाचतात, धर्मग्रंथ वाचतात, मनोविकारांच्या याद्या करतात. फेरफार आणि दस्त वाचणारे थोडे. आपल्याकडे सात-बाऱ्यावर नाव नसलेल्या बाईला नवऱ्याचं घर सोडताना काय वाटतं, हे ज्याने जवळून पाहिलं आहे त्याला शॉर्ट क्रीक समजायला वेळ लागणार नाही. शॉर्ट क्रीकमध्ये ते पुरुषांच्याही वाट्याला आलं, एवढंच वेगळं.

घरासारखीच बायका आणि मुलंही ‘दिलेली’ असत. लग्न ठरवणं हा धर्मगुरूचा अधिकार. त्याला ईश्वराकडून कळायचं, कोणाचं कोणाशी. याला तिथे ‘प्लेसमेंट’ म्हणत. दिलेली बायको काढूनही घेता येई. धर्मगुरू रूलन जेफ्स २००२ मध्ये वारल्यावर त्यांचा मुलगा वॉरन गादीवर आला. जानेवारी २००४ मधल्या एका सभेत त्याने वीसेक पुरुषांची नावं घेऊन त्यांना समाजाबाहेर काढलं. त्यात गावाचा महापौरही होता. त्यांची बायका-मुलं दुसऱ्यांकडे सोपवली जाणार होती. मुलांनी कालपर्यंत ज्याला बाप म्हटलं, त्याऐवजी उद्यापासून दुसऱ्याला म्हणायचं. आणि हे सगळं चेहऱ्यावर आठी न आणता.

इथे भाषेपाशी थोडं थांबायला हवं. मराठीत हा विषय लिहिताना सर्वांत आधी अडतं ते शब्दांशी. आपल्याकडे ‘सवत’ आहे. त्या शब्दातच दुखणं आहे. सवतीमत्सर, सावत्रपणा, लोकगीतांतले टोमणे सगळं त्यातून ऐकू येतं. शॉर्ट क्रीकमधल्या बायका एकमेकींना ‘सिस्टर वाइफ’ म्हणत आणि मुलं प्रत्येकीला ‘मदर’ लावून नावाने हाक मारत. सुरुवातीला मी भाषांतरात ‘सवत’ वापरायचे. नंतर सोडलं. सवतीबद्दल तक्रार करायची मुभा ‘सवत’ या शब्दातच आहे, ऐकणारा लगेच मान हलवतो. बहिणीबद्दल तक्रार केली, तर खोट तक्रार करणारीत दिसते. ‘सिस्टर वाइफ’ या शब्दाने बाईच्या तोंडचं गाऱ्हाणं आधीच काढून घेतलेलं असतं. म्हणून मी तो जसाच्या तसा ठेवते आणि वाचकानेही ठेवावा असं सुचवते.

दुसरा शब्द ‘कीप स्वीट’. शब्दशः ‘गोड राहा’. तिळगुळाच्या देशात वाढलेल्या आपल्या कानाला हे आपुलकीचं वाटतं. पण संक्रांतीला गोड बोला म्हणणारा स्वतःही गोड बोलायला बांधलेला असतो, शब्द दोन्ही बाजूंनी फिरतो. शॉर्ट क्रीकमध्ये तो वरून खाली जाई. राग आला, गोड राहा. मुलगा काढून नेला, गोड राहा. चौदा वर्षांच्या एलिसा वॉलचं २००१ मध्ये मनाविरुद्ध जवळच्या नात्यातल्या मुलाशी लग्न लावलं, तेव्हाही अपेक्षा हीच होती. तिच्या साक्षीवरून वॉरन जेफ्स २००७ मध्ये युटात दोषी ठरला. ज्युरीला दिलेल्या सूचना चुकीच्या होत्या म्हणून २०१० मध्ये तो निकाल रद्द झाला. शेवटी २०११ मध्ये टेक्सासमधल्या न्यायालयाने अल्पवयीन मुलींवरच्या लैंगिक अत्याचारांसाठी त्याला जन्मठेप आणि वर वीस वर्षांची शिक्षा दिली. बाहेर पडलेल्या बायकांच्या साक्षी या खटल्यांत मोलाच्या होत्या. वॉरनने लाल रंगावर बंदी घातली होती. त्याच्या वडिलांच्या अनेक बायकांपैकी एक असलेली रिबेका मसर बाहेर पडून साक्षीला उभी राहिली ती लाल कपड्यांत, आणि पुढे तिच्या पुस्तकाच्या नावातही तो रंग आला.

बायकांबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं, मुलग्यांबद्दल कमी. हिशेब साधा आहे. मुलगे आणि मुली जवळपास सारख्याच संख्येने जन्मतात. एकेका वडीलधाऱ्याला पाच, दहा बायका हव्या असतील तर तितके तरुण वजा करावे लागतात. मग कारणं सापडतात: सिनेमा पाहिला, मुलीशी बोलला, बाह्या दुमडल्या. रस्त्याच्या कडेला सोडून दिलेल्या या पोरांना अमेरिकी वृत्तपत्रांनी ‘लॉस्ट बॉईज’ म्हटलं. शेकडो होते. ते ‘बाहेर पडले’ असं म्हणायचं की नाही, यावर आपल्या क्षेत्रात अजून एकमत नाही. माझ्या मते त्यांना या अभ्यासात पूर्ण जागा हवी. हाकलून दिलेल्या मुलाला बाहेरचं जग पाप वाटत राहतं आणि परतीची वाटही बंद असते. स्वतःहून निघालेल्या बाईजवळ निदान ‘मी निघाले’ हे वाक्य असतं.

त्या वाक्यापुढचं आयुष्य हा या अभ्यासाचा खरा गाभा. सिद्धान्ताच्या बाजूने इथे हेलन रोझ इबॉ यांचं १९८८ मधलं ‘बिकमिंग ॲन एक्स’ हे पुस्तक टाळून पुढे जाता येत नाही. इबॉ स्वतः जोगीणपण (‘नन’ असणं) सोडलेल्या समाजशास्त्रज्ञ. माजी जोगिणी, घटस्फोटित, व्यवसाय सोडलेले अशा १८५ जणांशी बोलून त्यांनी मांडलं, की भूमिका सोडण्याला टप्पे असतात: आधी शंका, मग पर्यायांचा शोध, मग एखादं वळण, आणि मग ‘माजी’ म्हणून नवी ओळख. जुन्या भूमिकेचा अंश उरतोच, हे त्यांचं निरीक्षण मोलाचं आहे. पण शॉर्ट क्रीकला हा आराखडा लावताना जपावं. जोगीण मोठेपणी मठात जाते, आधीचं एक आयुष्य तिच्या गाठीशी असतं. या मुली तिथेच जन्मल्या. त्यांना परत जायला ‘आधीचं’ काही नाही. २००० मध्ये वॉरनच्या सांगण्यावरून समाजाने सरकारी शाळेतून मुलं काढून घेतली. त्यानंतर वाढलेल्या अनेकांना इतिहास, विज्ञान वयाच्या विशी-पंचविशीत पहिल्यांदा भेटलं.

म्हणून पुन्हा उभं राहणं इथे अगदी बारीकसारीक गोष्टींत दिसतं. बँकेत खातं. जन्मदाखला. केस कापायचे की नाही. बाह्या मनगटापर्यंतच हव्यात का. दुकानात कपड्यांच्या रांगेपुढे उभं राहून स्वतःला काय आवडतं हे आठवायचा प्रयत्न करायचा आणि काहीच आठवायचं नाही, कारण कोणी कधी विचारलेलंच नसतं. मार्लीन विनेल या मानसशास्त्रज्ञ बाईंनी धर्मातून आलेल्या आघाताला स्वतंत्र नाव दिलं, त्याने अनेकांना आधार मिळाला. तरी मला वाटतं, की नाव मिळण्याआधी भाड्याचं घर मिळावं लागतं. शॉर्ट क्रीकमधून निघालेल्यांसाठी काम करणाऱ्या युटातल्या संस्थाही हेच सांगतात: आधी छप्पर, मग कागदपत्रं, मग शाळा, समुपदेशन त्याबरोबर.

आणि सगळे बाहेर राहत नाहीत. कॅरोलिन जेसपची थोरली मुलगी अठरा वर्षांची होताच आईला सोडून त्याच समाजात परत गेली. हे आईनेच लिहून ठेवलं आहे आणि त्याबद्दल मला तिचा फार आदर वाटतो. सुटकेची गोष्ट लिहिताना हे प्रकरण गाळणं सोपं होतं. मुलीच्या बाजूने पाहिलं, तर मैत्रिणी, बहिणी, गाणी, स्वर्गाची खात्री हे सगळं एका रात्रीत तिच्याकडून गेलं होतं. अभ्यासकाने दोघींचं ऐकावं.

इथेच आत्मकथनांवरचा जुना वाद येतो. बाहेर पडलेल्याचं सांगणं पुरावा मानायचं, की कडवटपणा? धर्माचे काही समाजशास्त्रज्ञ त्याकडे फार संशयाने पाहतात. जॅनेट बेनियन यांनी दुसऱ्या एका मूलतत्त्ववादी गटात राहून केलेल्या अभ्यासात, १९९८ मध्ये, असं दाखवलं की काही स्त्रिया बाहेरून त्या गटात येतात आणि एकमेकींच्या आधाराने तिथे टिकतात. हे निष्कर्ष गैरसोयीचे वाटले तरी वाचलेच पाहिजेत. मला त्यात विसंगती दिसत नाही. ज्या गटात बाईला ये-जा करता येते आणि ज्या गटात घर ट्रस्टचं व पोलीस गुरूचे, त्या दोन गटांत बहुपत्नीत्व समान असलं तरी आयुष्य समान नसतं. शॉर्ट क्रीकचे पोलीस आणि पालिका पंथाच्या सांगण्यावरून बाहेरच्यांशी भेदभाव करत होत्या, हे फिनिक्समधल्या ज्युरीने २०१६ मध्ये मान्य केलं. म्हणजे ‘फोन कोणाला करायचा’ ही कॅरोलिनची अडचण न्यायालयाच्या कागदावर आली.

सरकारने दार तोडलं तर काय होतं, तेही याच पंथाच्या इतिहासाने दोनदा शिकवलं आहे. २६ जुलै १९५३ च्या पहाटे ॲरिझोनाचे गव्हर्नर हॉवर्ड पाइल यांनी गावावर पोलीस धाडले. त्या रात्री खग्रास चंद्रग्रहण होतं. गावकऱ्यांना आधीच कुणकुण लागली होती, ते भजनं म्हणत जमून बसले होते. २६३ मुलं आयांसकट उचलली गेली. वृत्तपत्रांत रडणाऱ्या मुलांची छायाचित्रं आली, लोकमत उलटलं, पाइल पुढची निवडणूक हरले, बहुतेक मुलं परत आली. त्यानंतर पन्नास वर्षं गावाला हात लावायला कोणी धजावलं नाही. एप्रिल २००८ मध्ये टेक्सासने याच पंथाच्या वस्तीतून चारशेहून अधिक मुलं ताब्यात घेतली आणि महिन्या-दोन महिन्यांत राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने परत केली. १९५३ च्या छाप्यावरचं मार्था ब्रॅडली यांचं १९९३ मधलं पुस्तक वाचकाने आवर्जून मिळवावं. सरसकट धाड म्हणजे आतल्या प्रत्येक आईला गुरूच्या आणखी जवळ ढकलणं, हे त्यातून दिसतं. युटाने २०२० मध्ये सज्ञान माणसांच्या संमतीच्या बहुपत्नीत्वाला किरकोळ गुन्ह्याच्या पातळीवर आणलं आणि जबरदस्तीसाठी कडक शिक्षा ठेवली. अत्याचार सोसणारी बाई आता पोलिसांकडे जायला भिणार नाही, असं समर्थक म्हणाले. बाहेर पडलेल्यांतच यावर दोन तट आहेत, आणि दोन्हींकडे अनुभवाचं बळ आहे.

महाराष्ट्रातल्या वाचकाकडे या क्षेत्राला देण्यासारखं खूप आहे, हे मी मुद्दाम सांगते. ‘वाळीत टाकणं’ हा अनुभव आपल्याकडे परका नाही. धोंडो केशव कर्व्यांनी १८९३ मध्ये विधवेशी लग्न केलं तेव्हा मुरूडने त्यांना वाळीत टाकलं. मुंबई प्रांताने १९४९ मध्ये बहिष्कृतीला बंदी करणारा कायदा केला. तो दाऊदी बोहरा धर्मगुरूंच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये रद्द ठरवला. जातपंचायतींविरुद्धच्या दीर्घ लढ्यानंतर महाराष्ट्राने २०१६ मध्ये सामाजिक बहिष्काराविरुद्ध पुन्हा कायदा केला. दुकानदार सामान देत नाही, मयताला खांदा मिळत नाही, सख्खी बहीण रस्त्यात तोंड फिरवते, हे सोसलेली माणसं आपल्यात आहेत. शॉर्ट क्रीकच्या नोंदी त्यांच्या साक्षींशेजारी ठेवून वाचणारा संशोधक मला अजून भेटायचा आहे. तो किंवा ती या पानांतून घडली तर मला फार आनंद होईल.

कुठून सुरुवात करावी, असं विचाराल तर मी आत्मकथनांच्याही आधी ट्रस्टचे कागद हाती देईन. २००५ मध्ये युटाच्या न्यायालयाने तो ट्रस्ट पंथाच्या हातून काढून घेतला. त्यातली मालमत्ता तेव्हा सुमारे ११ कोटी डॉलरची सांगितली जात होती. मग घरं माणसांच्या नावावर करण्याचं काम सुरू झालं. ज्यांना हाकललं होतं, जे निघून गेले होते, तेही अर्ज करू शकत होते. पंथात राहिलेल्या अनेकांनी न्यायालयाने नेमलेल्या माणसांशी व्यवहार करणं पाप मानलं, कागदांवर सह्या केल्या नाहीत, आणि त्यांच्यावर घर सोडायची पाळी आली. काल ज्यांनी शेजाऱ्याकडे पाठ फिरवली, त्यांचं सामान आज अंगणात. हे पाहताना न्याय झाला असं मला सहज म्हणता येत नाही, आणि झाला नाही असंही म्हणता येत नाही. हिल्डेलमध्ये २०१४ साली सरकारी शाळा पुन्हा भरली. पंथ सोडून गेलेली आणि गावात परत आलेली डोनिया जेसप २०१७ मध्ये तिथली पहिली महिला महापौर म्हणून निवडून आली. वॉरनचं प्रचंड घर पुढे निराधारांना मदत करणाऱ्या केंद्राकडे गेलं.

घरासाठीच्या त्या अर्जांमध्ये माणसाने त्या घरात काय घातलं, किती पैसा, किती श्रम, हे विचारात घेतलं जात होतं. कोणाच्या बापाने पाया खणला, कोणी भावाबरोबर छपराचे वासे चढवले, कोणत्या वर्षी मागची खोली वाढवली. साठ वर्षांत पहिल्यांदा त्या गावातल्या माणसांना कोणीतरी हे विचारत होतं.